सातबारा शेतीचा, बोर्ड प्लॉटचा

थानाच्या किनारीवर एक शिक्का आणि आत दुसराच माल निघाला, तर गिऱ्हाईक थान परत करते आणि त्याचे बरोबरच असते. जमिनीच्या सौद्यात मात्र आमचे वणीतले मुरलेले व्यापारीसुद्धा शिक्का न पाहता रक्कम मोजून मोकळे होतात.

वणी हा कापसाचा आणि कोळशाचा तालुका. खाणी वाढल्या तशी वस्ती वाढली, आणि गावाभोवतीच्या काळ्या शेतात चुन्याच्या रेघा ओढून ले-आऊट पडू लागले. बोर्डावर मोठ्या अक्षरात 'एन.ए. प्लॉट'. पटवाऱ्याकडून सातबारा काढला की तिथे शेती! विकणारा म्हणतो, अर्ज टाकला आहे, महिन्यात होऊन जाईल. आम्हीही एकदा हेच ऐकून गोदामाच्या जागेचा बयाणा दिला. बँकेने कर्जाचे कागद परत केले, कारण नोंद शेतीची. बयाणा सोडवायला चार वर्षे कोर्टात गेली. कसूर विकणाराचा होता, तसा आमचाही होता.

कायदा काय सांगतो ते व्यापारी बांधवांनी समजून घ्यावे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ ची. शेतजमीन दुसऱ्या कामाला लावण्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी मागण्याची रीत तिच्या कलम ४४ ने घालून दिली. ९० दिवसांत उत्तर न आल्यास परवानगी मिळाली असे समजावे, अशी सोयही त्यात ठेवली. विनापरवाना वापर बदलणाऱ्यास कलम ४५ खाली दंड ठेवला. २०१४ पासून सरकारने विकास आराखड्यातील जमिनींसाठी आणि पुढे गावठाणापासून २०० मीटरच्या आतील जमिनींसाठी ही रीत टप्प्याटप्प्याने सोपी केली. चांगले झाले. पण वापर बदलण्याची सवलत मिळणे निराळे आणि दप्तरातली नोंद बदलणे निराळे. बहुतेक तंटे या दोहोंच्या मधल्या जागेत उभे राहतात.

विदर्भाचा कुळकायदा तर वेगळाच आहे, १९५८ चा. शेतकरी नसलेल्या माणसाला शेतजमीन विकण्यावर त्यात बंधन आहे. ज्या दुकानदाराच्या नावे कुठेच शेती नाही, त्याने शेतीची नोंद असलेला प्लॉट घेतला की ती खरेदीच वादात सापडू शकते.

कोणी म्हणेल, फेरफार झाला की काम फत्ते. तसेही नाही. संहितेच्या कलम १५७ प्रमाणे नोंद खरी धरली जाते, पण उलट शाबीत होईपर्यंतच. फेरफाराने मालकी मिळत नाही, ती नोंद महसुलाच्या कामापुरती असते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली मध्य प्रदेशातील एका प्रकरणात पुन्हा सांगितले.

आमच्या धंद्याच्या सुरत शहरातले एक प्रकरण ध्यानात ठेवण्यासारखे आहे. दप्तरात शेती, सारा भरलेला. ती जमीन गृहनिर्माण संस्थेला विकली गेली. मालकांचे म्हणणे, शेतजमीन विकली, सबब नफ्यावर कर नाही. १९९३ साली सर्वोच्च न्यायालयाने ते मानले नाही. विक्रीपूर्वी चार वर्षे पीक नव्हते, बिगरशेती कामासाठी विकण्याची परवानगी घेतलेली होती आणि भाव चौरस वारावर ठरलेला होता. म्हणजे नोंदीच्या आड लपून कर वाचत नाही, आणि नोंदीकडे पाठ फिरवून कर्ज मिळत नाही.

सरकारकडे आमचे मागणे दोनच. ज्या दिवशी बिगरशेतीचा आदेश निघेल किंवा रक्कम भरली जाईल, त्याच दिवशी फेरफाराची कारवाई आपोआप सुरू व्हावी, मालकाला खेटे घालावे लागू नयेत. आणि सातबारावर शेती असताना 'एन.ए.'ची जाहिरात करणाऱ्यावर कारवाई व्हावी.

व्यापारी बांधवांना आमचे सांगणे असे : आदेशाची नक्कल, मंजूर नकाशा आणि ताजा सातबारा हे तिन्ही कागद एका टेबलावर पसरा. गट नंबर आणि क्षेत्र जुळवा. जुळले नाही तर बयाणा देऊ नका. बाजारात तीन रुपयांच्या फरकासाठी आपण अर्धा तास घासाघीस करतो. आयुष्याची पुंजी गुंतवताना एक दिवस तहसीलच्या ओट्यावर बसायला हरकत नसावी.