नाना हसत का नाहीत?



'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका आपल्यापैकी अनेकांना आठवत असेल. २००१ मध्ये ती अल्फा मराठी वाहिनीवर सुरू झाली. दिग्दर्शन केदार शिंदे यांचे. आधार दिलीप प्रभावळकर यांच्या 'अनुदिनी' या पुस्तकाचा. आबा, शेखर, श्यामला, शिऱ्या आणि शलाका अशा तीन पिढ्या एका घरात नांदत. रोजच्या कुरबुरी होत, मिटत आणि आबा रोजनिशी लिहायला बसत.

मध्यंतरी नंदुरबारजवळच्या एका गावातील सूनबाई ७८ वर्षांच्या सासऱ्यांना घेऊन माझ्याकडे आल्या. "डॉक्टरसाहेब, मोबाईलवर टिपरे लावले की आम्ही सारे हसतो. नाना मात्र उठून आत जाऊन पडतात. वयच झालं आता."

याआधी दोनदा मी नानांचा रक्तदाब आणि साखर तेवढी तपासली होती. बाकी सारे वयाचे, असे मीही मानले होते. ती माझी चूक होती. या खेपेस मी त्यांच्या मागे उभा राहून हळू आवाजात नाव विचारले. ते वळलेच नाहीत. दोन्ही कान मळाने भरलेले होते. थेंब देऊन मळ मऊ केला, आठवड्याने काढला आणि उरलेल्या बहिरेपणासाठी श्रवणतपासणीस पाठवले.

ज्याला शब्द नीट ऐकू येत नाहीत, त्याला विनोद कळत नाही. इतर हसले की ते आपल्यालाच हसतात, असे त्याला वाटू लागते आणि तो माणसांतून उठून जातो. म्हणून घरातील वडीलधारे गप्प झाले तर आधी कान तपासून घ्यावेत. कानात काडी किंवा किल्ली घालू नये, मनाने तेलही सोडू नये. बोलताना समोर बसून सावकाश बोलावे.

ऐकू नीट येत असूनही दोन आठवड्यांहून अधिक काळ कशातच मन रमत नसेल, झोप व भूक कमी झाली असेल, 'जगून काय करायचे' असे उद्गार निघत असतील, तर ते नैराश्य असू शकते. त्यावर उपचार आहेत. केवळ विनोदी मालिका दाखवून भागत नाही. डॉक्टरांना भेटावे, अथवा 'टेली-मानस'च्या १४४१६ या निःशुल्क क्रमांकावर बोलावे.

नाना गेल्या आठवड्यात आले होते. म्हणाले, "डॉक्टर, यंत्र चांगलं आहे. पण आता सूनबाईंचं पुटपुटणंही ऐकू येतं!"

शेजारी बसलेल्या सूनबाई आधी हसल्या, मग नाना.