मोठं पाकीट स्वस्तच असतं का?



कोथिंबिरीच्या जुडीसाठी आपण भाजीवालीशी पाच रुपयांची घासाघीस करतो. मॉलमध्ये मात्र 'फॅमिली पॅक' दिसला की मुकाट्याने उचलतो. हा न्याय उलटा आहे. कष्टकरी बाईकडून पै-पैचा हिशोब घ्यायचा आणि चकचकीत पाकिटाला तो माफ!

कुणी म्हणेल, आता पाकिटावर ग्रॅमचा दरही छापतात. खरं आहे, २०२१ च्या दुरुस्तीने तो नियम आला. पण किलोच्या आतल्या पाकिटावर दर ग्रॅमचा असतो, किलोच्या वरच्यावर किलोचा. आणि तोही दोनच दशांश स्थळांपर्यंत. समजा, मूगडाळ ४०० ग्रॅम ५९ रुपयांना आहे आणि ९०० ग्रॅम १३८ रुपयांना. दोन्हींवर ग्रॅमला ०.१५ रुपये असंच दिसेल. आता शाळेतलं त्रैराशिक मांडा. ४०० ग्रॅमला ५९, तर ९०० ला किती? ५९ गुणिले ९०० भागिले ४००, म्हणजे १३२ रुपये ७५ पैसे. मोठं पाकीट सव्वापाच रुपयांनी महाग निघालं!

"आम्हाला गणित जमत नाही" हे तर आपण म्हणूच नये. नवव्या शतकात महावीराचार्यांनी 'गणितसारसंग्रहा'त त्रैराशिकाला स्वतंत्र प्रकरण दिलं. दिवाळीला चार वाट्यांचं प्रमाण दहा वाट्यांना वाढवताना आपण तेच तर करतो.

"एवढ्याशा पैशांसाठी कंजूषपणा कशाला?" हा कंजूषपणा नाही, विवेक आहे. स्वस्ताच्या भ्रमात जास्तीची डाळ घरात येते, चातुर्मासाच्या दमट हवेत तिच्यात जीव पडतात, आणि मग ती निवडताना आपलाच जीव कासावीस होतो. पैसेही गेले, अहिंसाही गेली, अपरिग्रहाचं तर नावच नको.

ज्यांच्या घरी दुकान आहे, त्यांनी हा प्रश्न गल्ल्यापर्यंत न्यावा. अचौर्य अणुव्रताच्या अतिचारांत हीनाधिकमानोन्मान, म्हणजे खोटी मापं वापरणं, सांगितलं आहे. वजन बरोबर असेल. पण महाग पाकिटावर 'बचत' लिहून विकणं त्या व्रताच्या भावनेत बसतं का?

तेव्हा पुढच्या वेळी किंमत बघू नका, शंभर ग्रॅमचा दर काढा. किंमत भागिले ग्रॅम, गुणिले शंभर. मोबाईल हातात असतोच. मुलींनाही हे दुकानात उभं राहूनच शिकवा.