नाव नेलंत, आता देणं द्या

१८ जून २०२५ रोजी विशाखापट्टणमच्या नौदल गोदीत ‘आयएनएस अर्नाळा’ नौदलात दाखल झाली. ७७ मीटर लांबीची, वॉटरजेटवर पळणारी, उथळ पाण्यात शिरून शत्रूची पाणबुडी हुडकणारी ही युद्धनौका सोळा नौकांच्या मालिकेतली पहिली. बोधवाक्य ‘अर्णवे शौर्यम्’. वसईजवळच्या आमच्या अर्नाळा किल्ल्याचं नाव तिला दिलंय, १७३७ मध्ये मराठ्यांनी तो उभारला, हे त्या निमित्तानं देशभर सांगितलं गेलं. नौकेचा आणि तिच्यावरच्या नौसैनिकांचा मला अभिमान आहे. संताप आहे तो नाव उचलून गावाकडे पाठ फिरवणाऱ्या राज्यकर्त्यांचा.

या मंडळींनी एकदा अर्नाळ्याच्या किनाऱ्यावरून बेटावर जाऊन यावं. मी गेलो तेव्हा ओहोटी होती. होडी वाळूपर्यंत येईना. चपला हातात धरून, कपडे वर खोचून पाण्यातून चालत होडी गाठायची. माझ्या पुढे एक पोरगा खांद्यावर गॅसचं सिलिंडर घेऊन कमरेएवढ्या पाण्यात उतरला. त्याच्या मागे डोक्यावर टोपली घेतलेली म्हातारी कोळीण. मी विचारलं, रात्री-अपरात्री बाळंतीण न्यायची असेल तर? ती म्हणाली, ‘‘अशीच नेतंव. खुर्चीत बसवून, चौघांनी उचलून.’’

बेटावर किल्ल्याचा उत्तरेचा दरवाजा अजून रुबाबात उभा आहे. कमानीच्या दोन्ही अंगांना कोरलेले वाघ आणि हत्ती आहेत, वर बाजीरावाचं नाव सांगणारा शिलालेख आहे. पण तटावर चढलो की पिंपळाची मुळं चिऱ्यांच्या सांध्यांत मनगटाएवढी जाड झालेली दिसतात. पावसाळ्यागणिक ती आणखी फुगणार, आणि एक दिवस तट उलणार. हे कळायला पुरातत्त्वाची पदवी लागत नाही. तटाबाहेर कोळ्यांची वस्ती. पश्चिमेच्या अंगाला समुद्र दर पावसाळ्यात थोडी थोडी जमीन नेतो. एका घराचं फक्त जोतं उरलं होतं, अर्धं वाळूवर, अर्धं अधांतरी. त्या घरची माणसं आता भावाच्या पडवीत राहतात. धूपप्रतिबंधक बंधारा हा शब्द तिथल्या शाळकरी पोरांनाही पाठ आहे, कारण प्रत्येक निवडणुकीत तो त्यांच्या कानावर पडतो.

यावर ठरलेलं उत्तर येतं. किल्ला एका खात्याचा, जेटी दुसऱ्याची, बंधारा तिसऱ्याचा, आणि युद्धनौकेचं नाव ठरवणारे चौथेच. नौदलाचा गावाच्या जेटीशी काय संबंध? नौदलाचा नसेल, सरकारचा आहे. मानाच्या वेळी हीच सगळी खाती एक राष्ट्र म्हणून व्यासपीठावर बसतात. कामाची वेळ आली की त्यांची चार कार्यालयं होतात आणि म्हातारी एका खिडकीवरून दुसऱ्या खिडकीवर हिंडते. हा कारभार नव्हे, ही पळवाट आहे.

मालवणची गोष्ट तर याहून उघडी आहे. ३० नोव्हेंबर २०२३ रोजी कोचीच्या गोदीत ‘मालवण’ नावाच्या नौकेचं जलावतरण झालं. तीही उथळ पाण्यात पाणबुडी शोधणारीच. त्यानंतर चारच दिवसांनी, ४ डिसेंबरला, नौदल दिन खुद्द मालवणात साजरा झाला आणि राजकोट किल्ल्यावर शिवरायांच्या पुतळ्याचं अनावरण झालं. २६ ऑगस्ट २०२४ रोजी तो पुतळा कोसळला. नऊ महिनेही टिकला नाही. समोर पाण्यात साडेतीनशे वर्षं लाटा झेलणारा सिंधुदुर्ग उभा, आणि या बाजूला घाईनं उभा केलेला पुतळा जमिनीवर तुकडे होऊन पडलेला. पंतप्रधानांनी पालघरच्या सभेत माफी मागितली. पुढच्या वर्षी त्याच जागी त्याहून उंच पुतळा उभा राहिला. उंची वाढवायला पैसा तत्काळ मिळतो, हे आम्ही पाहिलं.

त्याच मालवणच्या समुद्रात रात्री काय चालतं ते पाहायला कोणी थांबलं नाही. एलईडी दिव्यांच्या मासेमारीवर केंद्रानं २०१७ मध्ये बंदी घातली. तरी अंधार पडला की खोल पाण्यात दिव्यांची रांग लागते. प्रखर उजेडाकडे मासळी धावते, लहान-मोठी सगळी, आणि एका रात्रीत हजारो किलो उपसली जाते. सकाळी किनाऱ्यावरून रापणीचं जाळं ओढणाऱ्या पंचवीस-तीस माणसांच्या वाट्याला जे येतं त्यात खर्चही निघत नाही. बारा सागरी मैलांपर्यंत कायदा राबवायचा तो राज्यानं, आणि गस्तीसाठी मत्स्य खात्याला वर्षानुवर्षं भाड्याच्या ट्रॉलरवर भागवावं लागलं. २०२५ च्या जानेवारीत ड्रोन आले. चांगलं झालं. पण ड्रोन चित्र काढतो, ट्रॉलर धरून आणत नाही. ज्या गावाचं नाव तुम्ही किनाऱ्याचा राखणदार म्हणून नौकेवर रंगवलंत, त्याच गावचा किनारा राखायला तुम्ही भाड्याच्या ट्रॉलरवर भागवलंत. मला याची शरम वाटते.

समुद्राच्या वारशाच्या गप्पा या राज्यानं कुणाला शिकवू नयेत. १९७१ मध्ये ज्या ‘विक्रांत’वरून उडालेल्या विमानांनी चितगाव आणि कॉक्स बाजारवर बॉम्ब टाकले, ती ‘विक्रांत’ निवृत्तीनंतर मुंबईत संग्रहालय म्हणून उभी होती. मुंबईच्या पोरांनी तिच्या डेकवर उभं राहून पहिल्यांदा युद्धनौका पाहिली. ती जपणं परवडत नाही असं सरकारनं सांगितलं, आणि २०१४ मध्ये दारूखान्यात तिचे तुकडे करणं सुरू झालं. पाठोपाठ दुसरी विमानवाहू नौका, ‘विराट’. तिच्यासाठी २०१८ मध्ये राज्याच्या मंत्रिमंडळानं निवतीजवळ ८५२ कोटींच्या संग्रहालय प्रकल्पाला मंजुरी दिली, फोटो छापून आले, आणि २०२० मध्ये ‘विराट’ अलंगच्या भंगारवाड्यात गेली. विशाखापट्टणमनं एक ‘कुरसुरा’ पाणबुडी किनाऱ्यावर ओढून संग्रहालय केली, २००२ पासून लोक ती आतून पाहतात. नौदलाची पश्चिम कमान आणि माझगाव गोदी ज्या शहरात आहे त्या शहराला एक नौका सांभाळता आली नाही. ‘विक्रांत’ हे नाव २०२२ मध्ये नव्या विमानवाहू नौकेला मिळालं. तो मान नौदलानं राखला, आम्ही नाही.

नावाची बूज कशी राखतात ते दीवला पाहावं. ९ डिसेंबर १९७१ रोजी दीवजवळच्या समुद्रात पाणतीराचा घाव बसून ‘खुकरी’ ही युद्धनौका बुडाली. १८ अधिकारी आणि १७६ नौसैनिक गेले. तिचे कॅप्टन महेंद्रनाथ मुल्ला नौका सोडून निघाले नाहीत. नौदलानं ते नाव पुन्हा वापरलं, माझगाव गोदीत बांधलेल्या नव्या ‘खुकरी’ला दिलं. ती ३२ वर्षं चालली, आणि २०२१ च्या डिसेंबरात निवृत्त झाल्यावर भंगारात न काढता दीवच्या हवाली केली गेली. दीवच्या टेकडीवर स्मारक आहे, किनाऱ्यावर नौका आहे. नाव दिलं, नातं ठेवलं. म्हणजे हे जमतं. करायचं ठरवलं की जमतं.

‘नाव देणं हा सन्मान असतो, त्यात हिशेब कसला काढता?’ असं मला एका निवृत्त अधिकाऱ्यानं सुनावलं. सन्मान कुणाचा? १७३७ साली मेलेल्यांचा? त्यांना आता जेटी नको, दवाखाना नको. ज्यांना हवं आहे ते त्याच बेटावर जिवंत आहेत आणि पाण्यातून चालत घरी जातात.

माझी मागणी साधी आहे. किनाऱ्यावरच्या ज्या गावाचं, बेटाचं किंवा किल्ल्याचं नाव नौकेला द्याल, तिथल्या तटबंदीची दुरुस्ती, जेटी आणि बंधारा यांची रक्कम त्याच वर्षीच्या अर्थसंकल्पात धरा आणि जबाबदार अधिकाऱ्याचं नाव जाहीर करा. युद्धनौकेच्या किमतीपुढे ही रक्कम चिल्लर आहे. अर्नाळ्यापासून सुरुवात करा, कारण त्याच्या नावाची नौका दाखल होऊन गेली आहे. बेटाच्या जेटीला आणि बंधाऱ्याला कोणत्या तारखेला किती पैसे मंजूर झाले, किती खर्च झाले, काम कुठं अडलं, हे मी माहितीच्या अधिकारात लेखी विचारलं आहे. उत्तर आलं की ते बेटावरच्या चावडीवर लावणार आहे. आलं नाही तर तेही लावणार आहे, अर्जाच्या तारखेसह.