न लिहिलेली गाथा

छळाच्या मुशीतूनच थोर कला निपजते, असे एक सुभाषित विद्वानांच्या तोंडून वारंवार ऐकू येते, आणि त्याच्या पुष्ट्यर्थ सोव्हिएत संगीतकार दिमित्री शोस्ताकोविच यांचे उदाहरण पुढे केले जाते. हे सुभाषित आम्हांस मान्य नाही.

हकीकत अशी. १९३४ मध्ये रंगभूमीवर आलेली त्यांची 'लेडी मॅक्बेथ' ही संगीतिका दोन वर्षे गाजत होती. रशियन स्त्रीजीवनावर संगीतिकांची मालिका रचावी असा त्यांचा संकल्प होता. ही त्यांतील पहिली. जानेवारी १९३६ मध्ये स्टालिनने ती पाहिली आणि दोनच दिवसांनी 'प्रावदा'ने तिच्यावर तोफ डागली. तेव्हा संगीतकाराचे वय होते अवघे २९. त्याच वर्षी चौथी सिंफनी, तालमी चालू असताना, त्यांना मागे घ्यावी लागली. ती लोकांच्या कानी पडली १९६१ साली.

१९३७ मध्ये पाचव्या सिंफनीला अपूर्व यश लाभले, हे खरे. छळाचे भाट येथेच थांबतात. हिशेब मात्र येथे संपत नाही. १९४८ च्या पक्षठरावाने त्यांना पुन्हा दोषी ठरविले. अध्यापनाची पदे गेली. पुढच्याच वर्षी त्यांनी स्टालिनच्या वनीकरणाचे स्तोत्र रचले, आणि त्यास स्टालिन पारितोषिकही मिळाले! १९६० मध्ये पक्षप्रवेश झाला. १९७३ मध्ये साखारोव्ह यांच्या निषेधपत्राखाली त्यांचे नाव छापले गेले.

यासाठी त्यांना भित्रे म्हणण्यास आम्ही धजत नाही. ज्याच्या दारावर मध्यरात्री थाप पडण्याचे भय नाही, त्याने धैर्याचे पाठ देऊ नयेत. तथापि, संगीत थोर म्हणून त्या कागदावरचे नाव पुसले जाते, असेही आम्ही म्हणणार नाही.

आमचा वाद आहे तो छळालाच गुरू मानणाऱ्यांशी. १९३६ नंतर १९७५ मध्ये निधन होईपर्यंत शोस्ताकोविच यांच्या हातून एकही नवी गंभीर संगीतिका पूर्ण झाली नाही. संकल्पिलेली मालिका पहिल्याच पुष्पाशी खुंटली. छळाने काय दिले ते सारे मोजतात; त्याने काय गिळले ते कोण मोजणार?

तुकोबांची बुडविलेली गाथा इंद्रायणीने परत दिली, ही आपली श्रद्धा. चौथी सिंफनीही २५ वर्षांनी वर आली. परंतु जी गाथा कागदावर उतरलीच नाही, ती कोणत्या नदीने परत द्यावी? छळाचे गोडवे गाणाऱ्यांनी आधी याचे उत्तर द्यावे.