‘मोअर बेटर’चा अपराध

कांहीं महिन्यांपूर्वीं एका जागेसाठीं उमेदवारांच्या मुलाखती घेणाऱ्या मंडळींत बसण्याचा प्रसंग मजवर आला. एक तरुण आपल्या विषयांत चांगला तयार होता. बोलतां बोलतां त्याच्या तोंडून ‘धिस मेथड इज मोअर बेटर’ असें वाक्य गेलें, आणि मेजाच्या आमच्या बाजूस एकदम हंशा पिकला. त्यानंतर त्या बिचाऱ्यास एकहि उत्तर धड देतां आलें नाहीं. त्याची निवड झाली नाहीं, हें सांगावयास नकोच. खोटें कशाला बोलूं? मीहि हंसलों. घरीं परततांना मात्र त्या हंसण्याची लाज वाटूं लागली, आणि त्या लाजेपोटींच हे चार शब्द लिहीत आहें.

ही चूक होते कां? मराठींत तुलनेचें सारें ओझें ‘पेक्षां’ किंवा ‘हून’ वाहतो. विशेषण जागचें हलत नाहीं. ‘हा आंबा त्या आंब्यापेक्षां गोड’ या वाक्यांत ‘गोड’ला काना-मात्रेचाहि फरक पडत नाहीं. अधिक जोर द्यावयाचा तर ‘अधिक’ किंवा ‘जास्त’ हा शब्द पुढें ठेवला कीं काम भागतें. इंग्रजीची तऱ्हा निराळी. तेथें ‘दॅन’ असूनहि विशेषणास आपलें रूप पालटावें लागतें. शब्द आंखूड असेल तर शेवटीं ‘अर’ लागतो, लांब असेल तर मागें ‘मोअर’ येतो. आमचा विद्यार्थी घरच्या संवयीनें ‘अधिक’चा ‘मोअर’ करतो, आणि शाळेंत घोकलेलें ‘गुड, बेटर, बेस्ट’ आठवून ‘बेटर’हि जोडतो. घर आणि शाळा या दोघांच्याहि आज्ञा त्यानें पाळल्या, एवढाच त्याचा अपराध! या चुकीच्या मुळाशीं मूर्खपणा नसून आज्ञाधारकपणा आहे.

हंसणाऱ्यांनीं आणखी एक गोष्ट ध्यानांत घ्यावी. हाच ‘मोअर बेटर’ शेक्सपीअरनें ‘टेम्पेस्ट’ नाटकांत प्रॉस्पेरोच्या तोंडीं घातला आहे, आणि ‘ज्यूलियस सीझर’मधील अँटनीच्या विख्यात भाषणांतहि दुहेरी तमभाव आहे. त्या काळीं ती जोर देण्याची एक रीत होती. पुढें अठराव्या शतकांतील व्याकरणकारांनीं तिला हद्दपार केलें. १७६२ सालीं प्रसिद्ध झालेल्या रॉबर्ट लाउथ यांच्या व्याकरणांत दुहेरी तरभाव अशुद्ध ठरविलेला आहे. आणि आपल्या घरांत काय चाललें आहे? ‘श्रेष्ठ’, ‘ज्येष्ठ’, ‘कनिष्ठ’ हीं मुळांत संस्कृतांतील तमभावाचींच रूपें. तरीहि आपण खुशाल ‘अधिक श्रेष्ठ’ असें लिहितों, म्हणजे अक्षरशः ‘मोअर बेस्ट’ म्हणतों! ‘श्रेष्ठतम’ला तर शुक्ल यजुर्वेदाच्या पहिल्याच कंडिकेचा आधार आहे. त्या शब्दास कोणी हंसत नाहीं.

‘मग अर्थ कळला म्हणजे झालें, चालूं द्या’ असें म्हणणारा एक पक्ष आहे. तो मला मान्य नाहीं. भाषा ही वहिवाट आहे, आणि आजची इंग्रजीची वहिवाट ‘मोअर बेटर’ला मान्यता देत नाहीं. परक्याच्या घरीं जावयाचें तर त्या घरची रीत पाळलीच पाहिजे. चूक दाखवावी, अवश्य दाखवावी. पण दाखविणें निराळें आणि दांत काढणें निराळें.

शिवाय आपण हंसतों तें रूपाला. विचारांतील घोटाळा मात्र बिनबोभाट सुटतो. ‘पुण्याची हवा मुंबईपेक्षां बरी’ हें वाक्य मराठींत सहज खपतें. तेंच शब्दशः इंग्रजींत नेलें कीं हवेची तुलना एका शहराशीं होते. तेथें ‘मुंबईच्या हवेपेक्षां’ असें स्पष्ट म्हणावें लागतें. ‘लोखंड कोणत्याहि धातूपेक्षां उपयुक्त’ याचें इंग्रजी करतांना ‘एनी’पुढें ‘अदर’ घातला नाहीं, तर लोखंड स्वतःहूनहि उपयुक्त ठरतें! ‘सीनियर दॅन मी’ हें तर कचेऱ्या-कचेऱ्यांतून ऐकूं येतें. ‘सीनियर’, ‘ज्युनियर’ हीं लॅटिनमधून आलेलीं तरभावाचींच रूपें. त्यांना ‘दॅन’ चालत नाहीं, ‘टू’ लागतो. मुलाखत घेणाऱ्या आम्हां मंडळींपैकींच एकानें त्या दिवशीं तीनदां ‘सीनियर दॅन’ म्हटलें. तेव्हां कोणी हंसलें नाहीं. कारण तो खुर्चीच्या योग्य बाजूस बसला होता!

या साऱ्यावर शाळेंत उपाय काय, तर ‘डिग्री बदला’! लोखंडाचें एकच वाक्य विद्यार्थी तीन प्रकारें उलटेंपालटें करतो आणि गुण मिळवितो. पण ‘सुशीला मालतीहून उंच आहे’ एवढ्यावरून सुशीला उंच ठरत नाहीं, दोघीहि ठेंगण्या असूं शकतील, ही साधी गोष्ट त्यास कोणी विचारीत नाहीं. तुलना हा विचाराचा व्यापार आहे. त्याची आपण कवाईत करून टाकली आहे.

आमच्या कित्येक पिढ्या तर्खडकरांच्या भाषांतर पाठमालेवर इंग्रजी शिकल्या. त्या पद्धतींत दोष असतील. पण मराठी वाक्य इंग्रजी वाक्याशेजारीं उभें राही, आणि दोहोंतील फरक डोळ्यांना दिसे. आज कित्येक वर्गांतून इंग्रजीच्या तासाला मराठी शब्द उच्चारणें हाच गुन्हा मानतात. मुलाच्या मनांतली मराठी त्यामुळें जात नाहीं. ती चोरवाटेनें येते आणि ‘मोअर’चें रूप घेऊन ‘बेटर’ला चिकटते. शिक्षकानें फळ्यावर दोन वाक्यें शेजारीं मांडून ‘पेक्षां’चें काम तिकडे कोण करतो, एवढें दहा मिनिटें समजावून सांगितलें, तर जें वर्षभर घोकून साधत नाहीं तें साधेल.

तो तरुण आज कोठें आहे, मला ठाऊक नाहीं. त्याची एक चूक आम्हीं पकडली, पण तिचें कारण त्यास सांगितलें नाहीं. त्या दिवशीं अधिक चुकलें कोण, ही तुलना मात्र मला अचूक करतां येते.