विकत घेतलेला गेम नेमका कुणाचा?

मागच्या रविवारी दाजींचा फोन आला. "पत्रकार, वेळ काढून जरा घरी येऊन जावा. तुमच्या भाच्यानं टेबलाला गाडीचं स्टेअरिंग बसवलंय. रात्री एक-एक वाजेपर्यंत नुसतं घर्रर्र चालू असतं."

आवाजात राग कमी आणि भीती जास्त होती. ती कशाची, हे आपल्या फलटणमध्ये कुणाला समजावून सांगायला नको. 'पोरगं गेम खेळतंय' म्हटलं की आपल्याकडे आधी रमी आठवते. पैशांवरच्या ऑनलाइन गेमवर बंदी घालणारा कायदा संसदेनं ऑगस्ट 2025 मध्ये केला, पण त्याआधी कुणाच्या ठेवी मोडल्या आणि कुणाचं सोनं बँकेत गेलं, हे बातम्या लिहिता लिहिता मी बघितलंय. त्यामुळे दाजींना हसलो नाही. गेलो.

बघतो तर प्रकरण वेगळंच. भाचा मेकॅनिकल डिप्लोमाच्या दुसऱ्या वर्षाला, एक विषय राहिलेला. साठवलेल्या पैशातून पुण्याहून लॉजिटेकचं जी29 हे जुनं स्टेअरिंग आणि पेडल्स आणलेली. पेडल्स मागं सरकू नयेत म्हणून त्यामागं भिंतीपर्यंत चार विटा लावलेल्या. कॉम्प्युटर जुनाच. आणि त्यावर 'असेत्तो कोर्सा' नावाचा इटालियन गेम, 2014 सालचा. पैसे लावायचे नाहीत, बक्षीस नाही, बंदुका नाहीत. एक गाडी, एक ट्रॅक आणि तुम्ही. मोंझा, इमोला हे खरे ट्रॅक लेझरनं मोजून त्यात उतरवलेत. गाडी म्हणाल तर छोटी अबार्थ 500. मी बसलो आणि पहिल्याच वळणाला वाळूत गेलो.

"मामा, थांब. आधी तुझी सीट लावू."

सीट लावणं म्हणजे काय, तर त्यानं टेप काढली. माझे डोळे स्क्रीनपासून 60 सेंटिमीटर. 24 इंची स्क्रीनची उंची साधारण 30 सेंटिमीटर. यावरून उभ्या दृष्टीचा कोन निघतो 28 अंश. तो आकडा 'फील्ड ऑफ व्ह्यू'च्या खान्यात टाकला. आधी चित्र रुंद, वेगवान, सिनेमासारखं दिसत होतं. आता नळकांड्यातून बघितल्यासारखं वाटायला लागलं, मी कुरकुर केली. पण दोन फेऱ्यांत लक्षात आलं, की वळण आता खरंच जेवढ्या अंतरावर असावं तेवढ्याच अंतरावर दिसतंय. ब्रेक कुठं दाबायचा हे डोळ्यांना कळायला लागलं.

मग स्टेअरिंगच्या मोटरचा जोर. त्याला म्हणे फोर्स फीडबॅक. "मी पहिले पंधरा दिवस 100 वर ठेवलेलं, मामा. हात दुखायचे, भारी वाटायचं." कोपऱ्यात एक छोटी पट्टी असते. ती लाल झाली की समजायचं, मोटरची ताकद संपली. त्यापुढं टायरवर कितीही ताण आला तरी हाताला सगळं सारखंच लागतं. गणपतीत भोंगा जास्त चढवला की आवाज फाटतो, गाणं कळत नाही, तसंच. पट्टी कधीतरीच लाल होईल इथपर्यंत त्यानं जोर उतरवला, 65 वर थांबला. आता पुढचे टायर घसरायला लागले की स्टेअरिंग हातात हलकं पडतं. तो हलकेपणा कळणं हीच सगळी गंमत. कर्बचे आणि रस्त्याचे जे वेगळे धक्के गेम देतो, ते त्यानं शून्यावर नेले. म्हणाला, "ते वरून भुरभुरलेलं मीठ आहे. खरं जे आहे ते टायरमधनं येतंय."

ग्राफिक्सचंही तसंच. जुन्या कार्डाला झेपावं म्हणून आरशातलं चित्र, गाडीवर पडणारी प्रतिबिंबं, सावल्या आणि धूर खाली आणले. ट्रॅक तेवढा स्वच्छ ठेवला. सेकंदाला 60 चित्रं न अडखळता आली पाहिजेत, बाकी शोभा नंतर.

मला खरी कमाल वाटली ती शेजारच्या लाँगबुकाची. तारीख, काय बदललं, आधीची वेळ, नंतरची वेळ. एका वेळी एकच बदल. टायरची हवा थंड असताना किती, चार फेऱ्या मारून गरम झाल्यावर किती. हाच पोरगा कॉलेजचं जर्नल दुसऱ्याचं बघून उतरवतो. हे मी दाजींना मुद्दाम सांगितलं. आणि हेही सांगितलं, की यातून पोरगा रेसर होईल असल्या भ्रमात तुम्ही राहू नका, त्यालाही ठेवू नका. कोल्हापूरजवळ कार्टिंगचा ट्रॅक आहे, तिथून पोरं पुढं गेलीत, पण तो पैशांचा खेळ आहे.

आता ज्यासाठी ही पोस्ट लिहितोय ते.

हा गेम आला तेव्हा त्यात रात्र नव्हती. पाऊस नव्हता. आज भाच्याच्या कॉम्प्युटरवर तोच गेम रात्री हेडलाइट लावून, ओल्या रस्त्यावर चालतो. हे कंपनीनं केलेलं नाही. बाहेरच्या माणसांनी 'कस्टम शेडर्स पॅच' नावाची जोडणी वर्षानुवर्षं लिहीत आणली, तिची कृपा. गेम सुरू करायला 'कंटेंट मॅनेजर' नावाचा वेगळा प्रोग्रॅम, तोही बाहेरच्यांचाच. डाउनलोड केलेली झिप फाइल त्यावर ओढून टाकायची, वरच्या कोपऱ्यातल्या तीन रेघांच्या मेनूत जाऊन इन्स्टॉल म्हणायचं, की नवी गाडी दारात उभी. कुणीतरी टोकियोचे उड्डाणरस्ते अख्खेच्या अख्खे बांधून फुकट दिलेत. आपला ग्रेटर नोएडाचा बुद्ध सर्किटसुद्धा कुणीतरी केलाय. फॉर्म्युला वन तिथं 2011 ते 2013 अशी तीनच वर्षं आली, पुढं करांच्या वादात गाडं अडकलं. पण फलटणमधल्या दहा बाय दहाच्या खोलीत तो ट्रॅक रोज रात्री चालू असतो.

यापेक्षा जुना दाखला पाहिजे असेल तर 'रिचर्ड बर्न्स रॅली' घ्या. 2004 चा गेम. बनवणारा स्टुडिओ कधीच मिटला. ज्याच्या नावाचा गेम, तो ब्रिटिश रॅली ड्रायव्हर 2005 मध्ये गेला. गेम मात्र अजून खेळला जातो, कारण लोकांनी तो उघडला आणि त्यात नवे रस्ते, नव्या गाड्या घातल्या.

सगळं गोड आहे असं नाही. दुसऱ्या संध्याकाळी गेम सुरूच होईना. भाच्यानं हावरटासारखे 70 जीबी मॉड भरलेले. कुठली गाडी जुन्या पॅचवर चालणारी, कुठली नव्या, कशाचा कशाला मेळ नाही. सगळं बाहेर काढून एकेक परत टाकत बसलो, दोषी गाडी सापडायला अडीच तास गेले. त्यात एक गोष्ट मला खटकली. काही गट अभ्यास करून गाड्या बनवतात आणि काही युरोंना विकतात. त्याच गाड्या भाच्यानं चोरीच्या साइटवरून 'फ्री'मध्ये आणलेल्या. मी सरळ सांगितलं, ही चोरी आहे. काढ. माझी बातमी नाव काढून दुसरा छापतो तेव्हा मी गावभर बोंब मारतो, मग इथं गप्प कसा बसू? दुसऱ्या कंपनीच्या गेममधून उचलून आणलेल्या गाड्याही पुष्कळ फिरतात. मॉडवाल्यांची ही बाजू लंगडी आहे, ती झाकायचं कारण नाही.

पण दुसरी बाजू बघा. 'द क्रू' हासुद्धा गाड्यांचाच गेम, युबिसॉफ्टचा, योगायोगानं तोही 2014 चाच. एकट्यानं खेळायचा तरी कंपनीच्या सर्व्हरला जोडलेला पाहिजे, अशी त्याची रचना. 31 मार्च 2024 ला सर्व्हर बंद झाला. ज्यांनी पूर्ण किंमत मोजली त्यांच्या हातात काही उरलं नाही. हार्ड डिस्कवर फाइल्स होत्या, पण गाडी गॅरेजबाहेर निघेना. त्यावरून युरोपात 'स्टॉप किलिंग गेम्स' ही चळवळ उभी राहिली, युरोपियन युनियनकडच्या अर्जावर 10 लाखांवर सह्या झाल्या. कॅलिफोर्नियात 1 जानेवारी 2025 पासून कायदा आहे, की डिजिटल वस्तू विकताना तुम्ही फक्त परवाना देत असाल, तर तसं गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगा. नुसतं 'विकत घ्या' लिहून मोकळं होता येणार नाही. आपल्याकडे ग्राहक व्यवहार खात्यानं 24 डिसेंबर 2022 ला दुरुस्तीच्या हक्काचं पोर्टल सुरू केलं, त्यात चार क्षेत्रं घेतली: शेतीची अवजारं, मोबाइल आणि इलेक्ट्रॉनिक्स, घरगुती उपकरणं आणि वाहनं. सॉफ्टवेअर हे स्वतंत्र क्षेत्र म्हणून त्यात नाही.

"गेमच तर आहे, बंद पडला तर पडला," असं दाजी म्हणाले. तुम्हीही म्हणाल. म्हणून माझी गोष्ट सांगतो.

2003 ते 2010 मी एक साप्ताहिक चालवलं. जुन्या वाचकांना आठवत असेल. अंक पेजमेकरवर लागायचा, मराठी फाँट एका कंपनीचा विकत घेतलेला. विकत म्हणजे काय, कॉम्प्युटरच्या मागं एक डोंगल खोचायचं. ते असलं तरच टायपिंग चालणार. नंतर कंपनीनं ती आवृत्ती बंद केली, डोंगल एका उन्हाळ्यात जळालं. फोन केला तर म्हणाले, नवीन घ्या, जुन्याला सपोर्ट नाही. आज माझ्याकडे सात वर्षांचे अंक सीडीवर आहेत आणि उघडले की 'ÖêÛÖÓ' असली किडामुंगी दिसते. मजकूर माझा, मेहनत माझी, सीडी माझी. वाचण्याचा हक्क डोंगलसोबत गेला. तालुक्याच्या सात वर्षांच्या बातम्या आहेत त्यात. कापील अंक वाळवीनं खाल्ले, त्याचा दोष मी माझ्याकडे घेतो. याचा घेणार नाही.

कंपन्यांचं म्हणणं मला कळतं. सर्व्हर फुकट चालत नाहीत. सगळं उघडं ठेवलं तर ऑनलाइन शर्यतीत लबाडी होते, हेही खरं. 'आयरेसिंग'सारखा गेम वर्गणीवर चालतो, वर्गणी थांबली की गाडी थांबते, पण ते आधीच सांगून. त्याला माझी हरकत नाही. भाड्याचं घर भाड्याचंच म्हणून दिलंय. हरकत आहे ती विकतो म्हणून पैसे घ्यायचे आणि किल्ली स्वतःकडे ठेवायची, याला. दुकान बंद करताय ना? मग जाताना कुलूप काढून जा. एकट्याला तरी खेळता येईल एवढी सोय करून जा. आमच्या गॅरेजवाल्यांनी कंपनीला न विचारता किती जुन्या गाड्या जगवल्यात. त्यांना बॉनेट उघडता येत होतं म्हणून.

दाजींशी शेवटी तह झाला. रात्री साडेदहाला स्टेअरिंग बंद. राहिलेला विषय सुटेपर्यंत आठवड्याला चारच दिवस. विटांच्या जागी दाजींनी स्वतः सुताराकडून फळी आणून दिली, हे मात्र मला ताईनं सांगितलं.

परवा भाचा घरी आला, माझ्या तीन सीडी घेऊन गेला. जुन्या मराठी फाँटचा मजकूर युनिकोडमध्ये बदलणारे छोटे प्रोग्रॅम लोकांनी करून ठेवलेत, त्यातला एक आमच्या फाँटला थोडाफार जुळतोय म्हणे. काल रात्री त्यानं पहिलं पान पाठवलं. ऑगस्ट 2005 चा अंक. पावसाची बातमी आहे, माझ्याच हातची. रफार सगळे चुकलेत, वेलांट्या भलतीकडे गेल्यात, पण वाचता येतंय. त्यानं त्यासाठीही लाँगबुक केलंय: कुठलं अक्षर काय होऊन येतं, त्याची यादी.

2007 आणि 2008 च्या माझ्या सीडी वाचल्याच जात नाहीत. त्या दोन वर्षांचे आमचे अंक कुणाच्या माळ्यावर, रद्दीत, कपाटाच्या तळाशी अंथरलेले असले तरी चालतील. इनबॉक्समध्ये कळवा, मी येऊन फोटो काढून नेतो.