नमुना कुणासमोर काढला?

‘लोणावळ्यात गांजासह पकडलेले तांत्रिक मुद्द्यांवर सुटतात’ ही पत्रलेखकाची तक्रार पटली नाही. १९८५च्या अमली पदार्थ कायद्यानुसार गांजा म्हणजे फुलाफळांचे शेंडे. शेंड्यांविना नुसती पाने-बिया त्यात येत नाहीत. पंचनाम्यात सगळा पाला एकत्रच तोलला, तर त्यात गांजा किती? वजन २० किलोंच्या वर गेले की जामीन जवळजवळ दुरापास्त, म्हणून विचारतो. नमुने दंडाधिकाऱ्यांसमोर काढा, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१६मध्ये मोहनलाल खटल्यात बजावले. जुलै २०२४पासून झडतीचे चित्रीकरणही सक्तीचे आहे. पवनाकाठच्या तंबूंत पोरेसोरे दिवसभर रील काढतात. छापा घालणाऱ्या पथकाला एक मोबाइल जड का व्हावा?

— एक वाचक, वडगाव मावळ